कोरडवाहू मुलखातील जहाजी शब्द

यवतमाळ जिल्ह्यातील राळेगाव हे तालुक्याचे ठिकाण मुंबईच्या किनाऱ्यापासून सरळ रेषेत सुमारे ६०० किलोमीटर आत वसलेले आहे. तालुक्याच्या कडेने वाहणारी वर्धा नदी पुढे वैनगंगेला मिळते, त्या दोघींची प्राणहिता होते, आणि प्राणहिता गोदावरीत शिरून आपले पाणी पूर्वसमुद्राच्या स्वाधीन करते. उलट ज्या कापसावर या मुलखाचा संसार चालतो, तो कापूस गेली दीड शतके बहुतांशी पश्चिमेकडे, मुंबई बंदराच्या दिशेने जात आला आहे. पाण्याची वाट एका समुद्राकडे आणि पिकाची वाट दुसऱ्या समुद्राकडे, अशा दुहेरी नात्याने समुद्राशी बांधल्या गेलेल्या, परंतु खाऱ्या वाऱ्याची झुळूकही ज्याला कधी लागली नाही अशा या गावाच्या नित्याच्या बोलण्यात जहाजावरचे शब्द किती आणि कोणत्या वेषात वावरतात, याचा शोध घेणे हे या प्रकरणाचे प्रयोजन आहे. असे शब्द किनाऱ्याच्या लोकांची मिरास समजले जातात. परंतु शब्दाला तगून राहण्यासाठी पाण्याची गरज नसते, गरज असते व्यवहाराची, आणि व्यवहार जेथवर पोहोचला तेथवर गलबतावरचा शब्दही पोहोचला, हे राळेगावसारख्या ठिकाणी जितके स्पष्ट दिसते तितके ते रत्नागिरीत किंवा मालवणात दिसत नाही.

प्रथम जहाजावरच्या शब्दाची प्रकृती ध्यानात घेतली पाहिजे. किनाऱ्यावर शब्द हा संभाषणाचा विषय असतो. जहाजावर तो हुकूम असतो, आणि हुकुमाला दोन अर्थ असून चालत नाही. वादळात, काळोखात, शिडांच्या फडफडाटात उच्चारलेला शब्द चुकीचा ऐकला गेला तर त्याची किंमत माल आणि माणसे या दोहोंनी मोजावी लागते. इंग्रजांच्या जहाजांवर उजव्या बाजूस ‘स्टारबोर्ड’ आणि डाव्या बाजूस ‘लारबोर्ड’ म्हणत असत. हे दोन उच्चार परस्परांशी इतके मिळते की सुकाणूवाल्याचा घोटाळा होई, आणि अखेर १८४४ साली ब्रिटिश आरमाराने ‘लारबोर्ड’ हा शब्द रद्द करून त्याच्या जागी ‘पोर्ट’ हा शब्द सक्तीचा केला. सरकारी हुकमाने एखादा चालता शब्द बाद व्हावा आणि तो हुकूम खरोखरच अमलात यावा, असे उदाहरण भाषांच्या इतिहासात विरळाच सापडते, आणि ते जहाजावरचे असावे हेही स्वाभाविकच आहे.

आपल्याकडील जहाजी परिभाषेचा कारभार मात्र कोणत्याही एका भाषेच्या हाती नव्हता. कंपनी सरकारच्या काळात हिंदी महासागरातील जहाजांवर जे देशी खलाशी चाकरीस असत त्यांना इंग्रज ‘लास्कर’ म्हणत. हा शब्द म्हणजे आपला ‘लष्कर’च, जो फारसीतून पोर्तुगिजांच्या तोंडी गेला आणि तेथून इंग्रजीत उतरताना सैन्याचा दर्याव्यवसायी होऊन बसला. या खलाशांच्या टोळीचा नायक तो सारंग, ज्याचे मूळ फारसीतील सरदारवाचक ‘सरहंग’ या शब्दात आहे. त्याच्या हाताखालचा तो तांडेल. सुकाणू धरणारा तो सुकाणी. दिशा आणि मार्ग जाणणारा तो मालिम, म्हणजे अरबीतील ‘मुअल्लिम’, शिक्षक. आणि साऱ्या जहाजाचा धनी तो नाखुदा, ज्याला कोळीवाड्यात आजही नाखवा म्हणतात. तांडेल, सारंग आणि नाखवा ही पुढे कोकणपट्टीत आडनावे होऊन राहिली, आणि हुद्दा गेला तरी नाव कायम राहिले. अशा मिश्र भाषेत हुकूम देता यावेत म्हणून टॉमस रोबक नावाच्या अधिकाऱ्याने १८११ साली कलकत्त्यात एक इंग्रजी-हिंदुस्थानी नाविक कोश छापला, आणि त्यानंतर वीस वर्षांनी, १८३१ साली, प्रसिद्ध झालेल्या मोल्सवर्थच्या मराठी कोशातही जहाजी शब्दांचा मोठा भरणा झाला. या खलाशी-बोलीचा एक अवशेष मुद्दाम ऐकण्याजोगा आहे. वजन खाली सोडावयाचे असता ‘आरिया’ आणि वर उचलावयाचे असता ‘हाबीस’ असे जे शब्द क्रेनवर काम करणारी माणसे आजही उच्चारतात, त्यांपैकी ‘आरिया’ हा शीड उतरविण्याचा पोर्तुगीज हुकूम आहे. डोलकाठी गेली, शीड गेले, पोर्तुगीज अंमलही गेला; परंतु वजन डोक्यावर लोंबकळत असता एकार्थी शब्दाची जी निकड असते ती गेली नाही, म्हणून हुकूम तेवढा राहिला.

‘खलाशी’ या शब्दाचा प्रवास तर थेट वऱ्हाडाच्या रानापर्यंत झाला. दोर ओढणे, गाठ मारणे, जड वस्तू युक्तीने हलविणे ही कामे ज्याला येतात तो खलाशी, असा अर्थ एकदा रुजल्यावर इंग्रजी अमदानीत साहेबाच्या स्वारीबरोबर तंबू ठोकणारा माणूस खलाशी झाला, जमीनमोजणीची साखळी धरणारा माणूस खलाशी झाला, आणि आगगाडीच्या कारखान्यातील मदतनिसाचा तर तो रीतसर सरकारी हुद्दाच झाला. ज्या गावात जहाज नाही त्या गावातील तरुण ‘रेल्वेत खलाशी लागला’ असे सांगतो तेव्हा त्यात कोणास विसंगती भासत नाही, कारण शब्दाने पाणी सोडले तरी दोर सोडलेला नाही.

आता ज्या शब्दांचा उच्चार किनाऱ्यावर आणि कोरडवाहू मुलखात एकच आहे, परंतु ज्यांचा अर्थ मुलूख बदलताच बदलतो, अशा शब्दांकडे वळू. त्यांतील सर्वांत मनोरंजक शब्द ‘नांगर’ हा होय. राळेगावच्या शेतकऱ्याचा नांगर हा संस्कृत ‘लांगल’ शब्दाचा वंशज, दर्यावर्दी माणसाचा नांगर हा फारसी ‘लंगर’चा मराठी अवतार, मराठीच्या मुखात दोहोंचा उच्चार एक झाला आणि दोन घराण्यांची मुले एकाच नावाने नांदू लागली. दोन्ही वस्तू जवळून पाहिल्या तर नामसादृश्याला वस्तुसादृश्याचाही आधार असल्याचे दिसते. शेतकऱ्याच्या नांगराला इसाड आहे, रुमणे आहे, आणि मातीत शिरणारा फाळ आहे. खलाशाच्या नांगराला दांडा आहे, साखळी अडकविण्याची कडी आहे, आणि समुद्राच्या तळात रुतणारे वाकडे पंजे आहेत. दोन्ही जमिनीलाच धरतात. मात्र एक बैलांच्या ओढीने पुढे जावे म्हणून धरतो आणि दुसरा प्रवाहाच्या ओढीने पुढे जाऊ नये म्हणून धरतो. यामुळे ‘नांगरणे’ या क्रियापदाचे दोन अर्थ परस्परांच्या विरोधात उभे राहिले आहेत: नांगरलेले शेत म्हणजे काम सुरू झाल्याची खूण, आणि नांगरलेले जहाज म्हणजे काम थांबल्याची.

‘हाकारणे’ या शब्दाचीही स्थिती अशीच आहे. गलबत हाकारणे म्हणजे ते समुद्रात सोडून मार्गाला लावणे. रानात हाकारा घालणे म्हणजे आरडाओरड करून जनावर उठविणे. आणि या दोहोंच्या मधोमध बैल हाकणे हा राळेगावचा नित्यकर्माचा अर्थ बसतो. ‘पडाव’ म्हटले की विदर्भात मुक्काम, तळ, प्रवासातील विसावा एवढेच डोळ्यांपुढे येते. कोकणात मात्र पडाव ही एक बोट होती, आणि धक्का नसलेल्या बंदरात खोल पाण्यात उभ्या राहिलेल्या आगबोटीपासून उतारूंना व सामानाला किनाऱ्यावर आणण्याचे काम ती करी. ‘बेडा’ हा शब्द तर खास लक्षात घेण्याजोगा आहे. हिंदीत बेडा म्हणजे तराफा किंवा जहाजांचा ताफा, आणि ‘बेडा पार’ हा त्यातून निघालेला वाक्प्रचार हिंदीच्या शेजारामुळे विदर्भातही सर्रास ऐकू येतो. परंतु यवतमाळ जिल्ह्यात नुसता ‘बेडा’ म्हटला तर ऐकणाऱ्याच्या मनात येतो तो पारधी बेडा, म्हणजे पारध्यांची वस्ती. या दोन शब्दांचे कूळ एकच आहे असे म्हणण्याचे कारण नाही. उच्चाराच्या एकाच दारातून दोन निरनिराळे अर्थ आत-बाहेर करीत असले तरी बोलणाऱ्याचा कधी गोंधळ होत नाही, एवढेच येथे दाखवावयाचे आहे. जहाजावर असा गोंधळ होण्याच्या भयाने शब्द रद्द करावा लागला. गावात मात्र प्रसंगच अर्थाचा निवाडा करतो.

अर्थाच्या या सैलपणातूनच ज्याला आपण बाजारबोली किंवा टवाळखोर बोली म्हणतो ती जन्मास येते. वाफेच्या जहाजाला मराठीने ‘आगबोट’ असे भारदस्त नाव दिले आणि वाफेच्या इंजिनाने ओढल्या जाणाऱ्या गाडीला ‘आगगाडी’; काही काळाने दोहोंतील आग विझली आणि नुसती बोट व नुसती गाडी शिल्लक राहिली. लढाऊ जहाजाच्या इंग्रजी नावाचे तर मराठीने थेट ‘मनवार’ करून टाकले. कोकणातील उतारू आगबोटीच्या डोलण्याने हैराण होऊ लागले तेव्हा ‘बोट लागणे’ हा वाक्प्रचार रूढ झाला. ‘बोट लागली’ या दोन शब्दांनी बोट धक्क्याला लागल्याचेही सांगता येई आणि पोटात कालवल्याचेही. राळेगावच्या बसस्थानकावर हीच करामत गाडीच्या रूपाने चालू आहे. “यवतमाळची गाडी लागली काय जी?” असे एकजण विचारतो, आणि त्याच बाकावर बसलेली म्हातारी लिंबू हातात धरून शेजारणीला सांगते, “मले गाडी लागते, म्हणून खिडकीपाशी बसतो.” एकाच क्रियापदाने वाहन फलाटाशी येते आणि तेच क्रियापद वाहनाचा त्रासही सांगते, दोघांपैकी कोणालाही खुलासा करावा लागत नाही.

इंग्रज खलाशांची बोली याच रीतीने बंदरावर उतरली. त्यांच्या शिडाच्या जहाजावर ‘शीट’ म्हणजे शीड नव्हे, तर शिडाचा कोपरा ताणून धरणारा दोर; असे तीन दोर सुटून वाऱ्यावर फडफडू लागले की जहाज झोकांड्या खाते, यावरून दारू पिऊन झिंगलेल्या माणसाचे तेच वर्णन होऊ लागले. उंच इमारतीला आपण ज्या इंग्रजी शब्दाने ओळखतो तो ‘स्कायस्क्रेपर’ मूळचा डोलकाठीच्या अगदी शेंड्यावरील लहानशा शिडाचा होता. परंतु जहाजी व्युत्पत्तीचा मोह फार बलवत्तर असतो, याचेही भान ठेवावे. ‘पॉश’ हा ऐटबाज शब्द हिंदुस्थानच्या वाटेवरील बोटींत जाताना डाव्या आणि येताना उजव्या बाजूची सावलीची खोली घेणाऱ्या बड्या उतारूंच्या तिकिटांवरील चार आद्याक्षरांतून झाला, ही कथा सर्वत्र सांगितली जाते. पण तसे तिकीट कोणीही दाखवू शकलेले नाही, आणि कोशकारांनी ती कथा कधीच बाजूला ठेवली आहे.

गमतीच्या बोलीपेक्षा व्यापाराच्या बोलीत जहाजाचा वास अधिक खोल मुरलेला आढळतो. राळेगावच्या बाजार समितीत कापसाचा भाव क्विंटलवर पुकारला जातो. परंतु तोच कापूस जिनिंगमध्ये जाऊन रुई आणि सरकी वेगळी झाली की रुईचा भाव खंडीवर बोलला जातो. ही खंडी म्हणजे मुंबईच्या कापूसबाजारातील ७८४ पौंडांची, सुमारे ३५६ किलोंची. मराठ्यांच्या आरमारात गुराब आणि गलबत यांची वाहण्याची शक्तीही खंडीतच मोजली जात असे. मात्र खंडीचे माप मुलखागणिक निराळे असल्याने एका बंदराची खंडी दुसऱ्या बंदराला जुळत नसे. गुराब हे नाव अरबीतील कावळ्यावाचक शब्दावरून आलेले, आणि कंपनीच्या इतिहासकाराने केलेल्या वर्णनाप्रमाणे तीन डोलकाठ्यांची मोठी गुराब सुमारे ३०० टनांची असे. जहाजाच्या पोटात किती मावेल हे सांगणारे माप आज कारखान्याच्या हिशेबवहीत दर सांगते, आणि गावकऱ्याच्या तोंडी ‘खंडीभर कामे पडली आहेत’ या वाक्यात केवळ वैतागाचे परिमाण होऊन राहते.

रुईची गाठ हीदेखील जहाजाचीच निर्मिती म्हणावी लागते. कापूस वजनाला हलका आणि आकाराला अवाढव्य. जहाजाच्या कोठारात जागा मोजकी. म्हणून त्याच्या वाहतुकीचा खर्च वजनापेक्षा त्याने अडविलेल्या जागेवर अवलंबून राही. १८६१ ते १८६५ या काळात अमेरिकेतील यादवी युद्धामुळे लँकेशायरच्या गिरण्यांना तेथील कापूस मिळेनासा झाला आणि वऱ्हाडच्या व वर्धेपलीकडील हिंगणघाटच्या कापसाला अपूर्व भाव आला, तेव्हा तो दाबून, आवळून, पट्ट्यांनी बांधून पाठविण्याच्या यंत्रांना महत्त्व चढले. आज १७० किलोंची जी प्रमाण गाठ राळेगावच्या प्रेसिंगमधून बाहेर पडते, तिचा घट्टपणा हा मूळचा जहाजाच्या कोठाराच्या अरुंदपणाने ठरविलेला आहे. त्या गाठीबरोबर शब्दांची वर्दळही दोन्ही दिशांनी झाली. ‘लिलाव’ हा पोर्तुगिजांचा शब्द बंदरावर उतरला आणि बाजार समितीच्या ओट्यावर जाऊन बसला, भाऊ अजिंक्यांच्या नावाने प्रसिद्ध झालेल्या मुंबईच्या भाऊच्या धक्क्यातील ‘धक्का’ रेल्वेच्या ‘मालधक्क्या’त शिरून समुद्र नसलेल्या गावी स्थायिक झाला, आणि परदेशी कंपन्यांच्या ज्या ‘वखारी’ बंदरांतून उभ्या राहिल्या, त्यांचे नाव आज शेतकऱ्याचे धान्य साठविणाऱ्या राज्य वखार महामंडळाने धारण केले आहे. उलट दिशेने मुंबईच्या डोंगरी भागाजवळ विकले जाणारे जाडेभरडे सुती कापड खलाशांच्या अंगावर चढले, इंग्रजीत ‘डंगरी’ झाले, आणि यंत्रशाळेतील कामगाराचा एकसंध पोशाख म्हणून ‘डांगरी’ या नावाने परत आले.

हे सारे शब्द रेल्वेने किंवा बैलगाडीने आले. परंतु प्रत्यक्ष नावाच वर्धेच्या पात्रात येण्याचा योग एकदा जुळत आला होता, ही हकीकत आता फारशी कोणाच्या स्मरणात नाही. निजामाने वऱ्हाड १८५३ साली कंपनीच्या ताब्यात दिला, त्या सुमारास गोदावरीवर धवलेश्वरमचे धरण बांधून कीर्ती मिळविलेले, आणि नावातच कापूस वागविणारे, स्थापत्यविशारद आर्थर कॉटन यांनी गोदावरी, प्राणहिता आणि वर्धा या नद्यांचा जलमार्ग करून मध्य हिंदुस्थानचा कापूस पूर्व किनाऱ्यावर उतरवावा असा आग्रह धरला. वाटेत खडकांचे तीन मोठे अडसर होते. त्यांना वळसा घालण्यासाठी बंधारे, कालवे आणि जलपाश बांधण्याचे काम हेग या अधिकाऱ्याच्या देखरेखीखाली वर्षानुवर्षे चालले, आणि पहिल्या अडसराजवळील दुम्मागुडेमचा बंधारा त्याची साक्ष देत आजही उभा आहे. परंतु उन्हाळ्यात पात्र कोरडे पडे, पावसाळ्यात प्रवाह आवरत नसे, आणि १८६७ साली मुंबईहून निघालेली आगगाडी नागपूरला पोहोचल्यावर या खटाटोपाचे कारणच उरले नाही. १८७१ साली सरकारने काम बंद केले. ते तडीस गेले असते तर राळेगावचा कापूस काकिनाड्याच्या बंदरात उतरला असता, आणि येथील बाजारबोलीत मुंबईच्या खंडीऐवजी तेलुगू नावाड्यांचे शब्द रुळले असते, असा तर्क करण्यास हरकत नाही. नदीवर राहिले ते ढिवरांचे आणि भोयांचे डोंगे. डोंग्याला शीड नाही, नांगर नाही, सारंग-तांडेल अशी उतरंडही नाही. म्हणून त्याची परिभाषा आटोपशीर आहे, आणि ‘नदीला उतार आहे काय’ या प्रश्नात पाणी ओसरले की नाही आणि पलीकडे जाता येईल की नाही या दोन्ही चौकशा एकदम उरकतात.

नेतृत्वासाठी मराठीने दोन रूपके सांभाळली आहेत. धुरा हा गाडीचा अवयव, सुकाणू हा अरबी ‘सुक्कान’पासून आलेला जहाजाचा, तेव्हा बैलगाडीच्या प्रदेशात धुरा आणि गलबताच्या प्रदेशात सुकाणू अशी वाटणी व्हावी अशी कोणाचीही अपेक्षा असेल. प्रत्यक्षात २०१७ साली महाराष्ट्रातील शेतकऱ्यांनी संप पुकारला आणि सरकारशी बोलणी करण्यासाठी प्रतिनिधींचे मंडळ नेमले, तेव्हा ते ‘सुकाणू समिती’ या नावाने ओळखले गेले. कोरडवाहू शेतीच्या कर्जमाफीचा वाद जहाजाच्या अवयवाचे नाव घेऊन लढविला गेला, आणि ते नाव कोणालाही परके वाटले नाही.

परंतु या सर्वांत ज्या एका शब्दावाचून राळेगावचे वर्ष उजाडत नाही, तो शब्द ‘मान्सून’ होय. अरबी खलाशांच्या लेखी ‘मौसिम’ म्हणजे वाऱ्याची ठरलेली मुदत, जिच्या भरवशावर आफ्रिकेच्या आणि अरबस्तानच्या किनाऱ्यांवरून इकडे यावयाचे आणि वारा फिरताच परत जावयाचे. त्याचा पोर्तुगिजांनी ‘मोन्साव’ केला, इंग्रजांनी ‘मॉन्सून’ केला, आणि मराठीने ‘मोसम’ सरळ फारसीच्या वाटेने व ‘मान्सून’ आगबोटीच्या वाटेने असा दोनदा घेतला. मूळ शब्दात पाऊस नाही, वारा आणि तारीख एवढेच आहे. मुदतीच्या या शब्दाने किनारा आणि वऱ्हाड यांना परस्परविरुद्ध हुकूम दिले. ज्या आठवड्यांत कोकणातील होड्या आगोटीमुळे वाळूवर ओढून शाकारल्या जातात, आणि १ जून ते ३१ जुलै या मुदतीत यांत्रिक मासेमारीला कायद्याने मनाई असते, त्याच आठवड्यांत राळेगावचा शेतकरी मृगाकडे डोळे लावून सरकी टोबण्याची तयारी करतो. श्रावणी पौर्णिमेला कोळी समुद्राला नारळ अर्पण करून होड्या लोटतात, आणि पंधरा दिवसांनी येणाऱ्या अमावास्येला वऱ्हाडात पोळा भरतो व त्याच्या आदल्या दिवशी बैलांची खांदेशेकणी होते. एकाचे काम तेव्हा सुरू होते, दुसऱ्याच्या बैलांना तेव्हा विसावा मिळतो. दोघांचेही पंचांग मात्र खलाशांच्या त्या एकाच शब्दावर चालते.

जहाजी शब्दांचा कोश रचणाऱ्याने यावरून एक पथ्य घ्यावे. बंदरावर त्याला शब्दाचा पहिला अर्थ मिळेल, आणि तो निश्चित, रेखीव, हुकुमासारखा असेल. परंतु त्या शब्दाने पुढे काय काय कामे केली, कोणत्या वस्तूंना नावे दिली, कोणाची थट्टा केली आणि कोणाच्या पोटापाण्याचा हिशेब ठेवला, हे जाणावयाचे तर त्याला गाठींच्या ट्रकामागोमाग उलट दिशेने चालत कापसाच्या बाजारापर्यंत, बसस्थानकाच्या बाकापर्यंत आणि वर्धेच्या डोंग्यापर्यंत यावे लागेल. पुलांनी नदी बांधली जात असता डोंग्याची गरज वर्षागणिक कमी होत आहे, आणि ढिवरांच्या तोंडचे शब्द कोणत्याही कोशात रीतसर नोंदलेले नाहीत. तेव्हा हे काम मालवणात नव्हे, राळेगावापासून सुरू करणे अधिक निकडीचे आहे.